कानूचे हृदय आणि नायजेरियाचा हिशेब

१९९६ सालच्या उन्हाळ्यात अटलांटा येथील ऑलिंपिक स्पर्धेत फुटबॉलचे सुवर्णपदक जिंकून आलेला नायजेरियन संघाचा कर्णधार इटलीतील मिलान शहरी आपल्या नव्या क्लबच्या डॉक्टरांपुढे उभा राहिला. न्वांक्वो कानू त्याचे नाव. वय अवघे वीस. इंटर मिलान या धनाढ्य क्लबने त्याला नुकतेच करारबद्ध केले होते आणि नव्या खेळाडूची वैद्यकीय तपासणी हा केवळ रीतीचा भाग मानला जात होता. या तपासणीत मात्र त्याच्या हृदयातील महाधमनीच्या झडपेत गंभीर दोष आढळला. आदल्या तीन वर्षांत युरोपातील सर्वोच्च पातळीवर खेळूनही तो कोणाच्या ध्यानात आला नव्हता. हा तरुण पुन्हा मैदानावर उतरणार नाही, असेच तेव्हा बहुतेकांना वाटले.

त्याच वर्षी नोव्हेंबर महिन्यात अमेरिकेतील क्लीव्हलंड येथे त्याच्या हृदयावर शस्त्रक्रिया झाली. १९९७ मध्ये तो पुन्हा खेळू लागला आणि त्यानंतर तब्बल पंधरा वर्षे, म्हणजे २०१२ पर्यंत, तो युरोपातील मैदानांवर वावरत राहिला. ही कथा मानवी जिद्दीचा आणि दैवी कृपेचा दाखला म्हणून सांगितली जाते. कानू स्वतःही ती तशीच सांगत आला आहे, आणि त्यात खोटे काही नाही. तथापि एका माणसाची कथा सुखान्त झाली म्हणून तिने उपस्थित केलेले प्रश्न सुटत नाहीत. कानूच्या यशाकडे त्याच्या देशाचे यश म्हणून पाहण्याचा मोह नायजेरियातील राज्यकर्त्यांना वारंवार झाला. वस्तुतः त्या देशाची व्यवस्था कोठे कोठे उणी पडली, याचेच मोजमाप या कारकिर्दीत पावलोपावली मिळते.

ओवेरीहून अ‍ॅमस्टरडॅमकडे

कानूचा जन्म १९७६ सालचा, आग्नेय नायजेरियातील ओवेरी गावचा. बियाफ्राचे यादवी युद्ध संपून तेव्हा जेमतेम सहा वर्षे झाली होती आणि इग्बो लोकांच्या त्या प्रदेशाने युद्धाची झळ सर्वाधिक सोसली होती. देशात मात्र तेलाच्या पैशाचा पूर आला होता. १९७३ नंतर तेलाचे भाव भडकले आणि सरकारी तिजोरी भरून वाहू लागली. पुढे ऐंशीच्या दशकात ते कोसळले तेव्हा त्या श्रीमंतीचा पोकळपणा उघडा पडला. १९८६ साली नायजेरियाने आर्थिक पुनर्रचनेचा कार्यक्रम स्वीकारला आणि चलनाचे अवमूल्यन झाले. १९८५ च्या सुमारास एका नायराला एका डॉलरहून अधिक किंमत येत होती. १९९३ पर्यंत एका डॉलरला सुमारे बावीस नायरा मोजावे लागू लागले, तेही सरकारी दराने. खुल्या बाजारातील दर याहून किती तरी चढा होता. ठराविक पगारावर जगणाऱ्या शिक्षकाची, परिचारिकेची वा कारकुनाची यामुळे काय अवस्था झाली असेल, हे निराळे सांगण्याची गरज नाही.

याच १९९३ साली जपानमध्ये सतरा वर्षांखालील मुलांची जागतिक फुटबॉल स्पर्धा झाली. अंतिम सामन्यात घानाला नमवून नायजेरियाने ती जिंकली. उंच, सडसडीत आणि आपल्या लांब पायांनी चेंडू जणू दोरीने बांधल्यासारखा खेळवणारा कानू त्या संघात होता. ओवेरीच्या स्थानिक क्लबमधून त्याला हॉलंडच्या आयाक्स क्लबने लगोलग उचलले. त्याच वर्षी जून महिन्यात नायजेरियातील लष्करी राजवटीने झालेली अध्यक्षीय निवडणूक रद्दबातल ठरवली होती आणि नोव्हेंबरमध्ये जनरल सानी अबाचा यांनी सत्ता बळकावली. चलन घसरलेले, मतपेटी झिडकारलेली, विद्यापीठे संपांनी वारंवार बंद पडणारी, अशा देशातील सतरा वर्षांच्या गुणी मुलाने परदेशाचा रस्ता धरला तर त्याला दोष कोण देणार?

अ‍ॅमस्टरडॅममध्ये त्याला जे मिळाले ते घरी मिळणे अशक्य होते. शिस्तबद्ध प्रशिक्षण, नियमित वेतन, उत्तम मैदाने आणि बरोबरीचे सहकारी लाभले. १९९४-९५ च्या हंगामात आयाक्सने एकही सामना न गमावता डच लीग जिंकली आणि मे १९९५ मध्ये व्हिएन्ना येथे एसी मिलानला १-० असे हरवून युरोपातील सर्वोच्च चषकही पटकावला. त्या अंतिम सामन्यात कानू बदली खेळाडू म्हणून उतरला होता. आयाक्सच्या त्याच संघात फिनिडी जॉर्ज हा दुसरा नायजेरियनही होता.

मोल कोणाचे, मोबदला कोणाला?

अर्थशास्त्राच्या विद्यार्थ्याला या प्रवासातील आकडे विचार करायला लावतील. आयाक्सने कानूसाठी मोजलेली किंमत आजच्या चलनात सुमारे दोन लाख युरो भरते, अशी नोंद आढळते. तीन वर्षांनी इंटर मिलानने त्याच्यासाठी आयाक्सला दिलेली रक्कम सत्तेचाळीस लाख डॉलरच्या घरात होती. चलने भिन्न असली तरी तीन वर्षांत मोल वीसपटीच्या आसपास वाढले, एवढे यावरून दिसते. या वाढीत आयाक्सच्या प्रशिक्षणाचा वाटा मोठा होता, हे मान्यच केले पाहिजे. परंतु ज्या मातीत हा खेळाडू सतरा वर्षे घडला, ज्या शाळेच्या पटांगणाने आणि ज्या गावच्या क्लबने त्याला चेंडूशी बोलायला शिकवले, त्यांच्या वाट्याला त्या वाढीतून काय आले? १९९६ पर्यंतच्या नियमांत असा वाटा देण्याची तरतूदच नव्हती.

ही त्रुटी जागतिक फुटबॉल संघटनेच्याही लक्षात आली, पण उशिरा. २००१ पासून लागू झालेल्या नियमांनुसार, कराराची मुदत संपण्यापूर्वी एखादा व्यावसायिक खेळाडू एका देशातून दुसऱ्या देशातील क्लबकडे गेला, तर हस्तांतराच्या रकमेतील पाच टक्के त्याला बाराव्या ते तेविसाव्या वर्षांपर्यंत घडवणाऱ्या क्लबांत वाटायचे असतात. यातही बारा ते पंधरा या वयाच्या प्रत्येक वर्षासाठी पाव टक्का आणि त्यानंतरच्या प्रत्येक वर्षासाठी अर्धा टक्का असे प्रमाण आहे. म्हणजे एखाद्या आफ्रिकन क्लबने एक मुलगा बाराव्या वर्षापासून सतराव्या वर्षापर्यंत सांभाळला, तर पुढे त्याच्यासाठी मोजल्या जाणाऱ्या दर शंभर रुपयांतील दोन रुपये त्या क्लबचे. तेही कागदपत्रे नीट ठेवलेली असली तर! नोंदणीपुस्तके न ठेवणाऱ्या गरीब क्लबांचे पैसे वर्षानुवर्षे बुडत राहिल्यामुळेच अखेर २०२२ मध्ये हे वाटप करणारी स्वतंत्र यंत्रणा पॅरिस येथे उभारावी लागली.

नायजेरियाच्या बाबतीत हे चित्र आणखी एका कारणाने बोलके ठरते. नव्वदच्या दशकात त्या देशाच्या निर्यातीच्या उत्पन्नातील नव्वद टक्क्यांहून अधिक वाटा खनिज तेलाचा होता, आणि तरीही पेट्रोलसाठी तेथील नागरिक तासन् तास रांगेत उभे राहत. पोर्ट हारकोर्ट, वारी आणि काडुना येथील सरकारी तेलशुद्धीकरण कारखाने निगेअभावी रखडत होते. कच्चे तेल बाहेर जाई आणि शुद्ध तेल चढ्या दराने परत येई. लागोसजवळचा डांगोटे यांचा प्रचंड खाजगी कारखाना २०२४ मध्ये पेट्रोल देऊ लागेपर्यंत हा विपरीत व्यापार चालूच राहिला. गुणवत्तेच्या बाबतीतही तोच कित्ता गिरवला गेला. मुलगा घडायला आणि त्याचे चीज व्हायला परदेश हवा, आणि त्याचा खेळ पाहायचा तर लागोसच्या चहाटपरीत बसून परदेशी लीगचे प्रक्षेपण पाहायचे. स्थानिक लीगची मैदाने मात्र ओस!

माणूस म्हणजे अर्थातच तेल नव्हे. तेलाचे पिंप एकदा गेले की गेले. माणूस घरी पैसे पाठवतो, परत येतो, आठवण ठेवतो. ही मर्यादा ध्यानात ठेवूनच ही तुलना वाचली पाहिजे. मात्र हा भेद मान्य केल्यावर पुढचा प्रश्न उभा राहतो: परत आलेल्या माणसाला घरी काय सापडते?

सुवर्णपदक आणि सत्ता

कानूची पिढी ही नायजेरियन फुटबॉलची सर्वोत्तम पिढी होती. ३१ जुलै १९९६ रोजी ऑलिंपिकच्या उपान्त्य सामन्यात ब्राझीलविरुद्ध १-३ अशा पिछाडीवरून त्या संघाने बाजी उलटवली. अखेरच्या क्षणी बरोबरीचा गोल कानूचा आणि जादा वेळेतील निर्णायक गोलही कानूचाच. अंतिम सामन्यात अर्जेंटिनाला ३-२ असे हरवून ऑलिंपिक फुटबॉलचे सुवर्णपदक आफ्रिका खंडात प्रथमच गेले. लागोसपासून कानोपर्यंत सारा देश रस्त्यावर आला. एरवी एकमेकांकडे संशयाने पाहणारे हौसा, योरुबा आणि इग्बो त्या दिवशी एका झेंड्याखाली नाचले.

पण त्याच वर्षी आफ्रिकन राष्ट्रांच्या चषक स्पर्धेत हा संघ खेळूच शकला नव्हता. नोव्हेंबर १९९५ मध्ये अबाचा राजवटीने लेखक केन सारो-विवा आणि त्यांच्या आठ सहकाऱ्यांना फाशी दिले. तेलकंपन्यांमुळे उजाड झालेल्या ओगोनी प्रदेशाची बाजू मांडणे हा त्यांचा खरा अपराध होता. या घटनेचा नेल्सन मंडेला यांनी कठोर निषेध केला आणि चिडलेल्या राज्यकर्त्यांनी १९९६ च्या दक्षिण आफ्रिकेतील स्पर्धेतून आपला संघ मागे घेतला, तोही विजेतेपद राखण्याची वेळ असताना. शिक्षा म्हणून १९९८ च्या स्पर्धेतूनही नायजेरियाला वगळण्यात आले. अशा रीतीने एका पिढीच्या उमेदीतील दोन स्पर्धा राजकारणाच्या हट्टापायी वाया गेल्या. खेळाडूने परदेशात कितीही नाव कमावले तरी त्याच्या मायभूमीचे सरकार त्याच्या कारकिर्दीचा लचका तोडू शकते, हे यावरून ध्यानात यावे.

जे हृदय वाचले, जी वाचली नाहीत

कानूच्या शस्त्रक्रियेकडे पुन्हा वळावयास हवे, कारण या साऱ्या कहाणीचे मर्म तेथे आहे. १२ ऑगस्ट १९८९ रोजी लागोसच्या राष्ट्रीय क्रीडागारात अंगोलाविरुद्ध विश्वचषकाच्या पात्रता फेरीचा सामना चालू असताना सॅम्युएल ओक्वाराजी हा नायजेरियन खेळाडू मैदानावर कोसळला आणि मरण पावला. तो पंचवीस वर्षांचा होता. कायद्याचा पदवीधर आणि पश्चिम जर्मनीत व्यावसायिक फुटबॉल खेळणारा. त्याचे हृदय वाढलेले होते आणि रक्तदाब फार होता, असे उत्तरीय तपासणीत निष्पन्न झाले. कानू त्या वेळी तेरा वर्षांचा होता. सात वर्षांनी त्याच्या हृदयातील दोष मिलानमध्ये वेळीच सापडला आणि तो वाचला. देश तोच, खेळ तोच. फरक पडला तो तपासणीच्या यंत्राने आणि ते चालवणाऱ्या डॉक्टराने.

१९८९ पासून नायजेरियाने धडा घेतला असता तर पुढची घटना लिहावी लागली नसती. ८ मार्च २०२० रोजी लाफिया येथे तेथील राष्ट्रीय लीगचा सामना खेळताना नासारावा युनायटेड संघाचा चिनेमे मार्टिन्स हा बचावपटू कोसळला आणि दगावला. मैदानावर उभी असलेली रुग्णवाहिका ऐन वेळी चालू झाली नाही, अशी बातमी तेव्हा प्रसिद्ध झाली. त्यानंतर नियम कडक करण्यात आले. ओक्वाराजीच्या मृत्यूला तोवर तीस वर्षे उलटून गेली होती. या तीस वर्षांत देशाने किती तरी अब्ज डॉलरचे तेल विकले आणि शेकडो खेळाडू युरोपला दिले. मैदानाच्या कडेला चालू स्थितीतील एक रुग्णवाहिका मात्र त्याला उभी करता आली नाही.

कानूने आपल्या परीने या प्रश्नाला उत्तर दिले. २००० साली त्याने हृदयविकार असलेल्या मुलांसाठी स्वतःच्या नावाची संस्था स्थापन केली आणि तिच्यामार्फत शेकडो आफ्रिकन मुलांवर शस्त्रक्रिया झाल्या. कोट्यवधी कमावणारे खेळाडू पुष्कळ असतात; आपल्या आजारपणातून इतरांच्या आजारपणाकडे पाहण्याची दृष्टी थोड्यांना लाभते. या कार्याबद्दल त्याचे जितके कौतुक करावे तितके थोडेच. परंतु या मुलांना शस्त्रक्रियेसाठी न्यावे कोठे लागले? इंग्लंडला, इस्रायलला आणि भारताला. घरच्या घरी ही सोय पुरेशी नव्हती, म्हणून लहान मुलाला आईसह विमानात बसवून हजारो मैल दूर पाठवावे लागले. कच्चे तेल बाहेर पाठवून पेट्रोल आयात करणाऱ्या देशाला आपल्या मुलांची दुरुस्त हृदयेही आयात करावी लागावीत, यापरते दुर्दैव कोणते!

आफ्रिकेतील राष्ट्रप्रमुखांनी आपल्या अंदाजपत्रकातील किमान पंधरा टक्के रक्कम आरोग्यावर खर्च करण्याची शपथ एप्रिल २००१ मध्ये घेतली, ती नायजेरियाच्याच राजधानीत, अबुजा येथे. नायजेरियाचे केंद्रीय अंदाजपत्रक त्यानंतरच्या वर्षांत या उद्दिष्टाच्या जवळपासही फिरकले नाही. राज्यकर्त्यांना त्याची झळ लागण्याचे कारण नव्हते. राष्ट्राध्यक्ष मुहम्मदु बुहारी २०१७ साली शंभरहून अधिक दिवस उपचारासाठी लंडनमध्ये राहिले, आणि पदावरून उतरल्यानंतर जुलै २०२५ मध्ये त्यांचे निधनही लंडनमध्येच झाले. ज्यांनी रुग्णालये बांधायची त्यांना स्वतःला त्या रुग्णालयांची गरज पडत नसेल, तर ती कधी उभी राहतील?

शिडीच्या खालच्या पायऱ्या

येथे एक आक्षेप घेतला जाईल आणि तो दुर्लक्षिण्याजोगा नाही. कानू घरीच राहिला असता तर ना त्याचा खेळ फुलला असता, ना त्याचा दोष सापडला असता. तेव्हा परदेशाची वाट त्याच्यासाठी वरदानच ठरली नाही काय? निःसंशय ठरली. १९९९ च्या जानेवारीत आर्सेनलने त्याला चाळीस लाख पौंडांहून अधिक रक्कम देऊन नेले. त्याच वर्षी ऑक्टोबरमध्ये चेल्सीविरुद्ध ०-२ अशा पिछाडीवर असताना त्याने शेवटच्या पाव तासात तीन गोल करून सामना फिरवला. तेथील पाच वर्षांत त्याने १९८ सामन्यांत ४४ गोल केले आणि २००३-०४ मध्ये एकही लीग सामना न हरणाऱ्या संघाचा तो घटक होता. १९९६ आणि १९९९ अशी दोनदा त्याची आफ्रिकेतील सर्वोत्कृष्ट खेळाडू म्हणून निवड झाली. २००८ मध्ये पोर्टस्मथला इंग्लंडचा एफए चषक मिळवून देणारा एकमेव गोलही त्याचाच. कोणत्याही राष्ट्रवादाच्या नावाखाली अशा माणसाची वाट अडवणे हा अन्यायच ठरला असता.

परंतु एका कानूमागे ज्यांची नावे कोणी लिहून ठेवत नाही असे किती? युरोपच्या दारापर्यंत नेतो म्हणून दलालाने फसवलेली आणि परक्या शहरात सोडून दिलेली मुले ही पश्चिम आफ्रिकेची जुनी जखम आहे. ज्यांना युरोपची शिडी लाभली नाही, त्यांतील अनेक जण अन्य वाटांनी गेले. भारतातील फुटबॉलशौकिनांना हे प्रत्यक्ष ठाऊक आहे. ऐंशीच्या दशकात कलकत्त्याच्या मैदानांवर चीमा ओकोरीने नाव गाजवले, आणि पुढे गोव्यात डेम्पोचा रँटी मार्टिन्स आणि चर्चिल ब्रदर्सचा ओडाफा ओकोली यांनी राष्ट्रीय लीगमध्ये वर्षानुवर्षे गोलांचा पाऊस पाडला. मडगावच्या प्रेक्षकांनी त्यांच्यावर प्रेम केले. तरीही हे सारे भाग्यवंतच म्हटले पाहिजेत. शिडीवर चढलेले दिसतात. खाली राहिलेले मोजले जात नाहीत.

शिवाय वरची पायरीही भक्कम असते असे नाही. ज्या पोर्टस्मथला कानूने चषक मिळवून दिला तो क्लब दोन वर्षांच्या आत, फेब्रुवारी २०१० मध्ये, कर्जाच्या ओझ्याखाली प्रशासकांच्या हाती गेला. उधारीवर उभारलेला वैभवाचा डोलारा युरोपातही कोसळतो. तेव्हा एका देशाच्या तरुणाईने आपले सारे भवितव्य परक्या बाजाराच्या लहरीवर सोडणे हे शहाणपणाचे नाही.

बाहेर जाणाऱ्यांना रोखणे हा यावरील उपाय नव्हे. ज्या वाटेने फुटबॉलपटू गेला त्याच वाटेने नायजेरियाचे हजारो डॉक्टरही ब्रिटनला गेले आहेत, आणि मुलांची हृदये दुरुस्त करू शकणारे हात त्यांतही असणार. भारतातूनही डॉक्टर कमी संख्येने गेलेले नाहीत. तरीही येथे हृदयशस्त्रक्रियेची केंद्रे उभी राहिली, नवे डॉक्टर घडवणारी महाविद्यालये चालू राहिली, म्हणूनच लागोसची आई आपले मूल घेऊन भारतात येऊ शकली. आपल्याकडील सार्वजनिक रुग्णालयांची अवस्था पाहता याबद्दल पाठ थोपटून घेण्याचे कारण नाही. पण गुणवत्तेची गळती ही अटळ नियती नसते, एवढे यावरून सिद्ध होते. गेलेल्यांच्या जागी नवे घडवणाऱ्या संस्था ज्या देशात टिकतात, त्याला निर्यातीची भीती बाळगण्याचे कारण उरत नाही.

कानूने आपल्या वाट्याचे काम केले. त्याने देशाला सुवर्णपदक दिले, जगाला आनंद दिला आणि शेकडो मुलांना जीवदान दिले. एका नागरिकाकडून याहून अधिक अपेक्षा करणे अन्यायाचे होईल. पण दान हे कराला पर्याय ठरू शकत नाही आणि खेळाडूची करुणा सरकारच्या अंदाजपत्रकाची जागा घेऊ शकत नाही. ओवेरीतील एखाद्या मुलाच्या छातीतील दोष ओवेरीतच सापडेल आणि तेथेच दुरुस्त होईल, तो दिवस नायजेरियाच्या खऱ्या विजयाचा. मग तो मुलगा पुढे अ‍ॅमस्टरडॅमला जावो अथवा गावातच शिक्षक होवो.